हायकोर्टात हरल्यावर दिल्ली: सर्वोच्च न्यायालय नेमके कशासाठी?

प्रश्न सातारा जिल्ह्यातल्या एका शेतकरी गृहस्थांचा आहे. चुलत्यांशी जमिनीचा दावा होता. वाद असा की आजोबांच्या काळात तोंडी वाटणी झाली होती की नाही. तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात हे जिंकले, जिल्हा न्यायालयात हरले. कोल्हापूरला उच्च न्यायालयाने दुसरे अपील दाखल करून घेण्याच्या टप्प्यावरच फेटाळले. ते लिहितात: "आता शेवटचे अपील सुप्रीम कोर्टात करायचे म्हणतो. पण माझी मुलगी लॉच्या दुसऱ्या वर्षाला आहे. ती म्हणते, बाबा, ते अपिलाचे कोर्ट नाहीच, ते घटनेचे कोर्ट आहे. आमच्यात बरोबर कोण? आणि ते घटनेचे कोर्ट असेल, तर तिथे जमिनीचे दावे कसे चालतात?"

दादा, तुम्ही दोघेही अर्धे बरोबर आहात. तुमचा हा घरातला वाद खरे तर त्या न्यायालयाच्या पोटातलाच आहे आणि तो १९५० पासून मिटलेला नाही. मी आधी ८ वर्षे मुंबई उच्च न्यायालयात आणि त्यानंतर २२ वर्षे दिल्लीत वकिली करते आहे. या प्रश्नाचे उत्तर सांगायला मला थोडे मागे जावे लागेल. पण मुदत चालू आहे, म्हणून तुमच्या कामाचे आधी सांगते.

तुम्हाला अपिलाचा हक्क नाही. तुम्ही करू शकता ती 'विशेष अनुमती याचिका', म्हणजे आम्ही वकील जिला एसएलपी म्हणतो ती. राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ प्रमाणे सर्वोच्च न्यायालय देशातल्या जवळपास कुठल्याही न्यायालयाच्या किंवा न्यायाधिकरणाच्या निकालावर अपील करायला परवानगी देऊ शकते. 'देऊ शकते' हे शब्द नीट वाचा. परवानगी देणे न देणे त्यांच्या मर्जीवर आहे, आणि आधी परवानगी मिळेल तेव्हाच अपील सुरू होईल. मुदत उच्च न्यायालयाच्या निकालापासून ९० दिवसांची. निकालाची सही-शिक्क्याची नक्कल मिळायला जितके दिवस लागले तितके त्यातून वजा होतात.

ही परवानगी कशी मागितली जाते ते प्रत्यक्ष पाहिल्याशिवाय कळत नाही. वर्षानुवर्षे सोमवार आणि शुक्रवार हे नव्या प्रकरणांचे दिवस राहिले आहेत. एका पीठाच्या बोर्डावर पन्नासेक प्रकरणे असतात. न्यायमूर्तींनी आदल्या रात्री फायली वाचलेल्या असतात. वकील उभा राहतो, दोन-चार वाक्ये बोलतो, एखादा प्रश्न येतो, आणि एक तर "नोटीस" (म्हणजे समोरच्या पक्षाला बोलवा) हा शब्द ऐकू येतो किंवा "डिसमिस्ड" (फेटाळले) हा. दिल्लीतल्या माझ्या पहिल्या वर्षी विदर्भातले एक म्हातारे जोडपे रात्रभर रेल्वेने प्रवास करून आले होते. आजींनी नवे लुगडे नेसले होते. त्यांचे प्रकरण पुकारले गेले आणि तीन मिनिटांच्या आत संपले. मी बाहेर आले तेव्हा आजींनी विचारले, "बाई, आपला नंबर कधी लागणार?" काय उत्तर द्यावे ते मला सुचेना. त्या दिवसापासून मी प्रत्येक पक्षकाराला ही तीन मिनिटे वकीलपत्रावर सही घेण्याआधी सांगते, म्हणून तुम्हालाही सांगितली.

याच्याशी जोडलेली आणखी एक गोष्ट आहे, आणि ती वृत्तपत्रांत कायम चुकीची छापून येते. एसएलपी कारण न देता फेटाळली, तर सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयाचा निकाल बरोबर ठरवला असा अर्थ होत नाही. अर्थ एवढाच की या प्रकरणात आम्ही हात घालत नाही. कुन्हायम्मद विरुद्ध केरळ राज्य या २००० सालच्या निकालात हे स्वच्छ सांगितले आहे. तेव्हा "सुप्रीम कोर्टानेही आमच्या बाजूने निकाल दिला" असे गावात सांगत फिरणाऱ्या जिंकलेल्या पक्षालाही हे माहीत असलेले बरे.

मग सगळ्यांच्या मनात 'शेवटचे अपील' ही कल्पना इतकी घट्ट का बसली आहे? तिचे मूळ लंडनमध्ये आहे. ब्रिटिश अमदानीत हिंदुस्थानातल्या दाव्यांचा शेवट प्रिव्ही कौन्सिलच्या न्यायिक समितीपुढे होत असे. १८३३ च्या कायद्याने ती समिती बांधली गेली. इथले सगळे कागद छापून बोटीने तिकडे जायचे आणि निकाल यायला वर्षे लागायची. आपल्याकडचे प्रसिद्ध उदाहरण ताई महाराज प्रकरणाचे. ताई महाराज या बाबा महाराजांच्या विधवा, आणि बाबा महाराजांच्या मृत्युपत्राचे लोकमान्य टिळक एक विश्वस्त होते. १९०१ मध्ये औरंगाबादला झालेले दत्तकविधान खरे की खोटे यावरून वाद पेटला. मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल टिळकांच्या विरुद्ध गेला आणि १९१५ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने तो फिरवला. चौदा वर्षे! मधली सहा वर्षे तर टिळक मंडालेला होते. अशा गोष्टी घराघरांत सांगितल्या गेल्या, आणि 'वर गेलो तर न्याय मिळेल' ही आशा त्यांतूनच रुजली.

प्रिव्ही कौन्सिलकडे दिवाणी अपील नेण्यासाठी दाव्याची किंमत १० हजार रुपये असावी लागे. आपली घटना झाली तेव्हा हीच पद्धत २० हजारांची अट घालून पुढे आली. वादातली मालमत्ता २० हजारांची असेल आणि बाकीच्या अटी जुळत असतील, तर उच्च न्यायालयाच्या प्रमाणपत्रावर दिल्लीला अपील नेता येई. म्हणजे तुमच्या वडिलांच्या पिढीने 'सुप्रीम कोर्टात अपील' असे म्हटले तर ते चूक नव्हते. १९७२ च्या तिसाव्या घटनादुरुस्तीने ही पैशांची अट काढली. आता दिवाणी अपिलासाठी सर्वसाधारण महत्त्वाचा कायद्याचा प्रश्न लागतो, आणि तसे प्रमाणपत्र उच्च न्यायालयाने द्यावे लागते. त्यातही उच्च न्यायालयाच्या एकट्या न्यायमूर्तीच्या निकालावर हा मार्ग खुला नाही. दुसरे अपील एकटेच न्यायमूर्ती ऐकतात, म्हणून तुमच्यासाठी अनुच्छेद १३६ ची एकच खिडकी उरते.

आता तुमच्या मुलीचा अर्धा भाग. लंडनच्या त्या वारशाबरोबर सर्वोच्च न्यायालयाला दुसरा एक वारसा मिळाला, तो फेडरल कोर्टाचा. १९३५ च्या भारत सरकार कायद्याने हे न्यायालय निर्माण झाले आणि १ ऑक्टोबर १९३७ ला दिल्लीत सुरू झाले. न्यायाधीश फक्त ३: सर मॉरिस ग्वायर, सर शहा मुहम्मद सुलेमान आणि आपले बॅरिस्टर मुकुंदराव जयकर. केंद्र आणि प्रांतांचे वाद सोडवणे आणि त्या कायद्याचा अर्थ लावणे हे याचे काम. फेडरल कोर्टाची आठवण आज फारशी कोणी काढत नाही, याचे मला वाईट वाटते. केशव तळपदे यांचे प्रकरण मुंबईहून तिथे गेले होते. चले जाव आंदोलनानंतरचा काळ, महायुद्ध ऐन भरात, आणि भारत संरक्षण नियमांतला नियम २६ वापरून सरकार माणसे खटल्याविना स्थानबद्ध करत होते. एप्रिल १९४३ मध्ये फेडरल कोर्टाने सांगितले की हा नियम मूळ कायद्याने दिलेल्या अधिकाराबाहेर आहे. युद्धाच्या मध्यावर, सरकारने नेमलेल्या न्यायाधीशांनी, सरकारविरुद्ध! सरकारने लगेच अध्यादेश काढून भोक बुजवले आणि १९४५ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने तो निकालही चुकीचा ठरवला. तरीही मनुष्य कोठडीत का आहे याचे कायदेशीर उत्तर सरकारला मागायचे, ही सवय इथल्या न्यायालयाला स्वातंत्र्याच्या आधीच लागली होती.

प्रिव्ही कौन्सिलचा अधिकार १० ऑक्टोबर १९४९ ला संपला. २६ जानेवारी १९५० ला घटना अमलात आली आणि २८ जानेवारीला सर्वोच्च न्यायालयाचा शुभारंभ झाला. जागा संसद भवनातल्या नरेंद्र मंडळाच्या, म्हणजे संस्थानिकांच्या सभेच्या, दालनाची, जिथे आधी फेडरल कोर्टच बसत असे. पहिले सरन्यायाधीश हरिलाल कानिया मुंबई उच्च न्यायालयातून वर गेलेले. घटनेने सरन्यायाधीशांसह ८ न्यायाधीश ठरवले होते. २०१९ मध्ये ही संख्या ३४ झाली, आणि तरी प्रलंबित प्रकरणे ८० हजारांच्या वर आहेत. आताच्या इमारतीत न्यायालय १९५८ मध्ये आले. ती गणेश भिकाजी देवळालीकर या मराठी वास्तुविशारदाने रेखली. मधला घुमट आणि दोन्ही बाजूंना पसरलेले पंख अशी ही रचना तराजूची आहे. समोरचा रस्ता टिळक मार्ग. ज्यांना आपला निकाल लंडनहून आणावा लागला, त्यांच्या नावाच्या रस्त्यावर देशाचे शेवटचे न्यायालय उभे आहे, हे मला रोज आत जाताना जाणवते.

या दोन वारशांपलीकडे घटनेने तिसरी गोष्ट दिली, आणि ती आधीच्या दोन्ही न्यायालयांकडे नव्हती. मूलभूत हक्कावर घाला आला तर कोणीही थेट सर्वोच्च न्यायालयात जाऊ शकतो. हा अनुच्छेद ३२. डॉ. आंबेडकरांनी ९ डिसेंबर १९४८ ला घटना समितीत सांगितले की सबंध घटनेत सर्वांत महत्त्वाचा अनुच्छेद कोणता असे मला विचारले तर मी हाच दाखवीन, हा घटनेचा आत्मा आणि हृदय आहे. इथे वकिलाच्या नजरेने पाहा. अपिलात तुम्ही खालच्या न्यायालयाची चूक दाखवता. अनुच्छेद ३२ मध्ये दार ठोठावणे हाच तुमचा हक्क असतो. हक्क मोडला गेला आहे असे एकदा दाखवले की दाद देणे न देणे मर्जीचे राहत नाही.

मुंबईकरांना आठवेल असे उदाहरण १९८५ चे. शहरातल्या पदपथांवर राहणाऱ्यांना १९८१ च्या पावसाळ्यात हटवायचे ठरले. ओल्गा टेलिस आणि इतरांची याचिका दिल्लीला गेली. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या घटनापीठाने, म्हणजे घटनेचा अर्थ लावायला बसलेल्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने, सांगितले की जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, कारण उपजीविका काढून घेतली तर जगणे उरत नाही. शेवटी त्या लोकांना पदपथावर कायमचे राहू दिले नाही. नोटीस देऊन, म्हणणे ऐकून, पावसाळा टळल्यावर हटवा, अशी तजवीज झाली. काही जण म्हणतात मग मिळाले काय? मी म्हणते, त्यानंतर देशातल्या प्रत्येक महापालिकेला बुलडोझर काढण्याआधी कागद काढावा लागतो, निदान काढला नाही तर तिला न्यायालयात खेचता येते. आज जून महिन्यात झोपडी पाडायला आलेल्यांना एखादी बाई "पावसाळ्यात पाडता येत नाही" असे ठणकावते, त्यामागे अशाच निकालांची पुण्याई आहे.

तुमची मुलगी 'घटनेचे कोर्ट' म्हणते तेव्हा तिच्या डोळ्यापुढे बहुधा केशवानंद भारती असेल, आणि तिथे मी थोडी रेंगाळणार आहे. केरळच्या कासरगोडजवळच्या एडनीर मठाच्या स्वामींनी जमीन सुधारणा कायद्याला आव्हान दिले. म्हणजे पाहा, मुळात तोही जमिनीचाच वाद! सुनावणीत प्रश्न वाढत वाढत इथवर गेला: संसदेला घटना दुरुस्त करायचा अधिकार आहे, मग ती घटना पुसून टाकू शकते का? १३ न्यायाधीशांचे पीठ बसले. इतके मोठे पीठ त्याआधी कधी बसले नव्हते आणि त्यानंतरही कधी निकालापर्यंत गेलेले नाही. ऑक्टोबर १९७२ ते मार्च १९७३, ६८ दिवस युक्तिवाद चालला. स्वामींच्या बाजूने नानी पालखीवाला, केरळ सरकारच्या बाजूने एच. एम. सीरवाई. दोघेही मुंबईच्या बारचे, दोघेही पारशी. २४ एप्रिल १९७३ ला ७ विरुद्ध ६ असा निकाल लागला: संसद घटनेचा कोणताही भाग बदलू शकते, पण तिची मूलभूत चौकट मोडू शकत नाही. स्वामींना जमिनी परत मिळाल्या नाहीत. देशाला मात्र असे काही मिळाले, ज्याचा घटनेच्या मजकुरात शब्दानेही उल्लेख नाही.

दुसऱ्याच दिवशी किंमत वसूल झाली. शेलाट, हेगडे आणि ग्रोव्हर हे तीन ज्येष्ठ न्यायमूर्ती बहुमतात होते. त्यांना डावलून अजितनाथ राय यांना सरन्यायाधीश नेमले गेले आणि तिघांनीही राजीनामे दिले. नोव्हेंबर १९७५ मध्ये, आणीबाणीत, तो निकाल फिरवण्यासाठी राय यांनी पुन्हा १३ जणांचे पीठ बसवले. पालखीवाला उभे राहिले आणि दोनच दिवसांत ते पीठ विसर्जित करावे लागले.

इतके सांगितल्यावर १९७६ चेही सांगायलाच हवे, नाहीतर मी अर्धेच सांगितले असे होईल. आणीबाणीत विनाचौकशी तुरुंगात टाकलेल्यांनी देहोपस्थितीच्या (हेबियस कॉर्पस), म्हणजे अटकेतल्या माणसाला न्यायालयापुढे आणा अशा, याचिका केल्या. मुंबईसह ९ उच्च न्यायालयांनी सांगितले की याचिका चालतील. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. एडीएम जबलपूर विरुद्ध शिवकांत शुक्ला, २८ एप्रिल १९७६. पाचांपैकी चौघांनी सांगितले की आणीबाणीत अटक बेकायदा आहे म्हणून दाद मागण्याचा हक्कच उरत नाही. एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना विरोधात राहिले. पुढच्या जानेवारीत त्यांना डावलून बेग यांना सरन्यायाधीश केले आणि खन्नांनी राजीनामा दिला. बहुमतातल्या चौघांत यशवंतराव चंद्रचूड होते, ज्यांनी पुढे पदपथावरच्या माणसासाठी तो निकाल लिहिला. पुण्यात शिकलेला, सात वर्षांहून अधिक काळ सरन्यायाधीश राहिलेला हा मोठा माणूस. मी दोन्ही निकाल वाचते आणि दोन्ही त्यांचेच म्हणून वाचते. एकाने दुसरा झाकत नाही. ऑगस्ट २०१७ मध्ये ९ न्यायाधीशांच्या पीठाने खासगीपणाचा हक्क मूलभूत ठरवला, तेव्हा १९७६ चा निकाल अधिकृतपणे रद्दबातल केला. ते लिहिणारे न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड, त्यांचेच चिरंजीव. तोपर्यंत ४१ वर्षे गेली होती. प्रत्यक्षात तो निकाल पुसण्याचे काम संसदेने १९७८ मध्येच केले होते. चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीनंतर आणीबाणीतही जीविताचा हक्क निलंबित करता येत नाही.

चूक झाली की ती फक्त न्यायालयच दुरुस्त करते असे नाही, हे आपल्याकडच्याच एका प्रकरणाने शिकवले. चंद्रपूर जिल्ह्यातल्या, आता गडचिरोलीतल्या, देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात १९७२ मध्ये एका आदिवासी मुलीवर पोलिसांनी अत्याचार केला. नागपूर खंडपीठाने आरोपींना दोषी ठरवले. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये त्यांना सोडले. तिच्या अंगावर जखमा नाहीत, तिने प्रतिकार केलेला दिसत नाही, ही कारणे देऊन. कायदा शिकवणाऱ्या चौघांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले, स्त्रिया रस्त्यावर उतरल्या, आणि १९८३ मध्ये बलात्काराचा कायदा बदलला. ते पत्र मी विद्यार्थिनी असताना वाचले. वकील व्हायचे तेव्हाच ठरले. तुमच्या मुलीला ते जरूर वाचायला सांगा, आणि लगेच पाठोपाठ १९९७ चा विशाखा निकाल वाचायला सांगा. त्या पीठावर मुंबईच्या न्यायमूर्ती सुजाता मनोहर होत्या. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्ध कायदाच नव्हता, तेव्हा न्यायालयाने नियम घालून दिले. संसदेचा कायदा यायला २०१३ उजाडले.

न्यायाधीश कोण नेमते हा प्रश्न तुम्ही विचारला नाही, पण त्यावर थोडक्यात एवढेच. घटनेने नेमणूक राष्ट्रपतींकडे दिली, सरन्यायाधीशांशी सल्लामसलत करून. सरन्यायाधीशांची संमतीच हवी ही सूचना डॉ. आंबेडकरांनी १९४९ मध्ये धोकादायक म्हणून नाकारली होती. १९७३ आणि १९७७ च्या डावलण्यानंतर वारे फिरले. १९९३ च्या निकालाने अंतिम शब्द न्यायाधीशांकडेच आला आणि कॉलेजियम, म्हणजे ज्येष्ठ न्यायाधीशांनीच नवे न्यायाधीश निवडायची पद्धत, रूढ झाले. त्याजागी संसदेने आणलेला न्यायाधीश नेमणूक आयोगाचा कायदा सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये रद्द केला. मला कॉलेजियमचा बंद दरवाजा पटत नाही. पण तो का बंद झाला हे ज्यांना आठवत नाही, त्यांनी तो तोडायची घाई करू नये.

आणखी एक काम, जे फेडरल कोर्टाकडून आले: राज्याराज्यांतले वाद. यात अपील नाही, दावा थेट दिल्लीतच लावायचा. बेळगाव, कारवार, निपाणीसाठी महाराष्ट्राने अनुच्छेद १३१ खाली लावलेला मूळ दावा २००४ चा आहे. दोन दशके उलटली. सीमाभागातले म्हातारे माझ्याकडे येऊन "बोर्डावर लागला का?" असे विचारतात, तेव्हा मला त्या विदर्भातल्या आजी आठवतात.

खरे दुखणे इथेच आहे, आणि माझ्यासारखे वकीलही त्याला जबाबदार आहेत. भाडेकरू, नोकरीची बढती, चेक न वटल्याचा खटला, भावाभावांची वाटणी: एसएलपीच्या खिडकीशी इतकी रांग लागते की घटनापीठाला ५ न्यायाधीश बसवायला वेळ उरत नाही. आशा विकणे सोपे असते. पक्षकार खर्च करतो, प्रवास करतो, तीन मिनिटांत परत जातो, आणि तिकडे बेळगाव थांबते.

पण म्हणून जमिनीच्या दाव्याने दिल्लीला जाऊच नये असेही नाही. विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा हे प्रकरण एका कुटुंबाच्या मालमत्तेचेच होते. त्यात प्रश्न होता: मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत मुलासारखा हिस्सा मिळण्यासाठी ९ सप्टेंबर २००५ ला, म्हणजे मुलींना समान हिस्सा देणारी कायद्यातली दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, वडील हयात असायला हवेत का? वेगवेगळ्या पीठांची उत्तरे वेगवेगळी होती. ११ ऑगस्ट २०२० ला तीन न्यायमूर्तींनी सांगितले, गरज नाही, तिचा हक्क जन्माने आहे. अनुच्छेद १४१ प्रमाणे हे देशातल्या प्रत्येक न्यायालयावर बंधनकारक झाले. एका घराच्या भांडणातून लाखो घरांचा कायदा ठरला. 'अपिलाचे कोर्ट' आणि 'घटनेचे कोर्ट' यांची गाठ इथे पडते. म्हणून कागद पाहताना मी स्वतःला पहिला प्रश्न हा विचारते: या माणसाच्या वादात असे काही आहे का, ज्याचे उत्तर दुसऱ्या कोणाला तरी हवे आहे?

तुमच्या पत्रावरून सांगायचे तर दोन गोष्टी तुमच्या विरोधात आहेत. तोंडी वाटणी झाली की नाही ही वस्तुस्थितीची बाब आहे, आणि वस्तुस्थितीवर जिल्हा न्यायालयाचा शब्द शेवटचा मानला जातो. उच्च न्यायालयाने दुसऱ्या अपिलात फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न आहे का एवढेच पाहायचे असते. दुसरे, तुमची सगळी भिस्त फेरफारावर आणि सातबाऱ्यावर दिसते. महसुली नोंद ही सारावसुलीसाठी असते, तिने मालकी ठरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने इतक्या वेळा सांगितले आहे की त्यावर नवे ऐकायला कोणी तयार होणार नाही. नवा पुरावाही आता जोडता येत नाही. खालच्या न्यायालयांत जे मांडले त्याच्याबाहेर एसएलपी जात नाही.

तुमच्या बाजूने काय असू शकते? जिल्हा न्यायालयाने तुमचा एखादा दस्त किंवा साक्षीदार वाचलाच नसेल, आणि तालुक्याच्या न्यायाधीशांची कारणे न खोडता निकाल उलटवला असेल, तर तो मुद्दा आहे. पहिल्या अपिलाच्या न्यायालयाने निकाल फिरवताना आधीच्या कारणांना उत्तर द्यावेच लागते. जिल्हा न्यायालयाच्या निकालपत्रात तुमच्या मुलीला हे शोधायला सांगा. दुसऱ्या वर्षाची विद्यार्थिनी ते उत्तम करू शकेल.

दिल्लीत याचिका कुणाही वकिलाला दाखल करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाची परीक्षा दिलेला 'ॲडव्होकेट ऑन रेकॉर्ड' लागतो. त्याला सगळे मराठी कागद इंग्रजीत करून द्यावे लागतात. हे भाषांतर कोणाकडूनही करून घेऊ नका. 'वहिवाट', 'ताबा' आणि 'मालकी' या तिन्हींसाठी एकच इंग्रजी शब्द घातलेली फाईल माझ्याकडे आली आहे, आणि त्या एका शब्दाने बाजू बुडाली असती. वार्षिक उत्पन्न ५ लाखांच्या आत असेल तर सर्वोच्च न्यायालय विधी सेवा समितीकडून वकील मोफत मिळतो. स्त्रियांना उत्पन्नाची अटही नाही.

शेवटी एक गोष्ट विचारायची राहिली. तुमच्या पत्रात आजोबा आहेत, वडील आहेत, चुलते आहेत. आत्या आहेत का? असतील, तर त्या दाव्यात पक्षकार होत्या का? विनीता शर्मा निकालात न्यायालयाने असेही म्हटले आहे की मुलींचा हिस्सा टाळण्यासाठी तोंडी वाटणीचा बचाव सहजासहजी मानायचा नाही. हा मुद्दा तुम्हाला दिल्लीत आता पहिल्यांदा काढता येईलच असे मी म्हणत नाही. पण आत्या पक्षकार नव्हत्या, तर या निकालाने त्यांचा हक्क संपलेला नाही, आणि तुमच्या घरातला पुढचा अर्ज दिल्लीत नव्हे तर तालुक्यालाच करावा लागेल. ते त्यांना तुम्ही सांगाल की नाही हे तुमच्यावर आहे. मी सांगावे असे म्हणेन. तोवर तिन्ही निकालपत्रे, दावा, कैफियत आणि नकलेसाठी केलेल्या अर्जाची पावती एकत्र काढून ठेवा. त्या पावतीवरची तारीख मला आधी कळवा.